मिसळ कालवल्यावर

‘दादा, मला गेम बदलून दे.’

रविवारी रात्री साडेअकराला हा मेसेज टाकताना मला खरंच वाटत होतं की ही दोन मिनिटांची गोष्ट आहे. पंगतीत ‘भात नको, पोळी वाढा’ म्हणतात, तसंच काहीसं. पलीकडून आधी हसणारे चार चेहरे आले आणि मग फोनच आला.

‘अगं, मिसळ कालवून झालीये. आता मटकी काढून घे म्हणालीस तर कशी काढू?’

दादा म्हणजे माझा आतेभाऊ. आमच्या चौघांच्या खेळाचा होस्ट तोच. बाकीचे म्हणजे मी, बंगळुरूला असणारी माझी ताई आणि दादाचा डब्लिनला राहणारा मित्र. मिसळीचा विषय उगाच निघाला नव्हता. आम्ही ज्या सॉफ्टवेअरवर खेळतो त्या आर्किपेलॅगोत प्रत्येक खेळाडूला आपल्या स्लॉटला, म्हणजे खेळातल्या आपल्या खात्याला, नाव द्यावं लागतं, आणि ही नावं ठरवायच्या दिवशी आम्ही तिघं पुण्यात मिसळ खात बसलो होतो. त्यामुळे मी तर्री, दादा फरसाण, ताई लिंबू. डब्लिनवाल्याला जे उरलं ते घ्यावं लागलं, तो पाव.

रँडमायझर खेळलेला नसेल त्यांच्यासाठी जरा मागे जाते. एरवी गेममध्ये कुठली वस्तू कुठे सापडणार हे पक्कं असतं. रँडमायझर त्या सगळ्या वस्तू पत्त्यांसारख्या पिसतो आणि नव्याने वाटतो. धनुष्याच्या पेटीत किल्ली निघते, किल्लीच्या जागी दहा रुपडे. वाटताना तो एवढी काळजी घेतो की गेम शेवटपर्यंत जाईल. मल्टिवर्ल्डमध्ये सगळ्यांचे गेम एकाच गड्डीत पिसले जातात. तुमची तलवार माझ्या गेममधल्या एखाद्या पेटीत असते. मी ती पेटी उघडली की ती तुमच्या हातात येते, तुम्ही जगाच्या पाठीवर कुठेही बसलेले असा. वस्तू सापडण्याच्या प्रत्येक जागेला ‘चेक’ म्हणतात. आर्किपेलॅगो हे यासाठीचं मोफत, खुलं सॉफ्टवेअर. ते १९९१ सालच्या ‘ए लिंक टू द पास्ट’च्या मल्टिवर्ल्डमधून वाढलं, आणि आता त्यात एकमेकांशी काडीचा संबंध नसलेले गेम एका ताटात बसतात. शेती करणारी ताई, कारखाना चालवणारा पाव आणि परग्रहावर बंदूक घेऊन फिरणारी मी, अशी आमची पहिली पंगत होती.

परग्रह म्हणजे ‘सुपर मेट्रॉइड’, १९९४चा. दादाने इतकं कौतुक केलं होतं की मी हौसेने घेतला, आणि तीन दिवसांत कळलं की माझ्या अंगठ्यांना तो झेपत नाही. भिंतीला लाथ मारून वर चढायची जी कसरत दादा डोळे मिटून करतो, ती मला चाळीस वेळा करूनही एकदाच जमली, आणि ती कशी जमली ते मलाच कळलं नाही. गेममध्ये १००च्या १०० जागा तपासायच्या, माझ्या झाल्या होत्या २३. म्हणून तो रविवार रात्रीचा मेसेज.

दादाने फोनवर जे समजावलं त्याचा सार असा. खेळ सुरू व्हायच्या आधी प्रत्येकजण आपल्या गेमची एक यॅमल फाइल पाठवतो: नाव काय, गेम कुठला, कुठल्या सवलती, कुठल्या अडचणी. होस्ट त्या सगळ्या एका फोल्डरात टाकून ‘जनरेट’ करतो. त्या क्षणी कुणाची कुठली वस्तू कुणाच्या कुठल्या जागेत हे ठरतं आणि एका फाइलमध्ये बंद होतं. सर्व्हर फक्त ती फाइल वाचतो. चालू खोलीत, म्हणजे सर्व्हरवर सुरू झालेल्या खेळात, नवा स्लॉट घालता येत नाही, असलेल्या स्लॉटचा गेम बदलता येत नाही. माझा गेम बदलायचा तर सगळं नव्याने जनरेट करायचं, म्हणजे ताईची तीन दिवसांची शेती आणि पावाचा अर्धा कारखाना पाण्यात.

‘मग दुसरं कुणीतरी माझ्या नावाने खेळेल का?’

खेळू शकतं. सर्व्हरला फक्त स्लॉटचं नाव कळतं, हात कुणाचे ते त्याला दिसत नाही. पण दुसरं कुणी होतंच कुठे? राहता राहिलं ‘रिलीज’. रिलीज म्हणजे तुमच्या जगात पडून असलेल्या उरलेल्या सगळ्या वस्तू एका फटक्यात ज्याच्या त्याला देऊन टाकायच्या. गेम पूर्ण केल्यावर ते आपलं आपल्याला करता येतं, मध्येच उठायचं असेल तर होस्टने करावं लागतं. दादाने सर्व्हरवर आज्ञा लिहिली, आणि ७७ वस्तू धडाधड वाहत गेल्या. मला एकदम हलकं वाटलं. दहा मिनिटांनी पावाचा मेसेज आला: ‘मला एका मिनिटात एकवीस तंत्रज्ञानं मिळाली. आता मी शोधू काय?’

मी पावाला तेव्हा ‘तुम्ही’ म्हणत असे. ‘माफ करा, तुमचा खेळ घालवला मी,’ असं लिहून लॅपटॉप बंद केला. ती मिसळ आणखी दोन दिवसांत संपली. चव गेलीच होती.

दिवाळीच्या सुट्टीत पुन्हा जमायचं ठरलं तेव्हा दादाने आधीच विचारलं, ‘या वेळी नक्की कुठला?’ मी म्हटलं, ‘दोन.’

हे चालतं. एका माणसाचे दोन स्लॉट, दोन वेगवेगळे गेम, एकच खोली. एकात अडकलं की दुसऱ्यात जायचं. अडकण्याला या खेळात ‘बीके’ म्हणतात. कुणी एक खेळाडू अडकला होता, हातात करण्यासारखं काही नव्हतं, म्हणून तो उठून बर्गर किंगला खायला गेला, तेव्हापासून हा शब्द पडला असं सांगतात. ‘मी बीके आहे’ म्हणजे माझ्याकडून आता काही होणार नाही, तुम्ही कुणीतरी मला काहीतरी पाठवा. ताईला हे बर्गर प्रकरण काही पटेना, ती ‘मी चहाला’ लिहायची. तिचं ‘मी चहाला’ पुढे माझ्या फार जिव्हारी लागणार होतं.

माझे दोन गेम: तर्री१ ‘हॉलो नाइट’, तर्री२ ‘ए लिंक टू द पास्ट’. दादा या वेळी स्वतः ‘सुपर मेट्रॉइड’ घेऊन बसला, मला दाखवायला असावं. ताईची ‘स्टारड्यू व्हॅली’ आणि पावाचा ‘फॅक्टोरिओ’ तेच राहिले.

तयारीत माझी एक अख्खी संध्याकाळ गेली. दोन गेमच्या दोन फाइली करण्याऐवजी एकाच यॅमलमध्ये मध्ये तीन आडव्या रेघा देऊन दोन्ही लिहिता येतात, हे मला फार आवडलं होतं. पण रकाने नीट दिसावेत म्हणून मी टॅबचं बटण दाबत गेले, आणि यॅमलला टॅब चालत नाही, मोजून स्पेसच लागतात. दादाकडे जनरेट होताना लाल अक्षरांची लांबच लांब माळ आली. त्याने स्क्रीनचा फोटो काढून पाठवला, खाली एकच शब्द: ‘टॅब?’ मग ‘ए लिंक टू द पास्ट’साठी स्वतःची मूळ रॉम, म्हणजे गेमची फाइल, लागते, तीही जपानी आवृत्ती, त्यावर होस्टने दिलेला पॅच, म्हणजे बदलांची फाइल, चढवायचा. ‘हॉलो नाइट’ला लुमाफ्लाय नावाच्या मॉड मॅनेजरमधून आर्किपेलॅगोचं मॉड बसवायचं आणि नवा खेळ सुरू करताना पत्ता, पोर्ट, स्लॉटचं नाव भरायचं.

डेथलिंक ठेवायची की नाही यावर मतदान झालं. डेथलिंक म्हणजे एक मेला की सगळे मेले. ताई विरोधात होती, ‘माझ्या शेतकऱ्याला तुमच्या राक्षसांशी काय देणंघेणं’ म्हणाली. तीन विरुद्ध एक.

पहिले तीन दिवस मी ‘हॉलो नाइट’मध्येच होते. २०१७चा हा गेम मी साधा, न पिसलेला, एकदा पूर्ण केला होता, त्यामुळे रस्ते पाठ. पण या वेळी रस्ते पाठ असून उपयोग नव्हता. डर्टमाउथच्या विहिरीतून खाली उतरलं की जिथे बघावं तिथे उंच भिंत, आणि भिंतीला धरून चढायचा मँटिस क्लॉ, ज्याला आम्ही पंजा म्हणत होतो, तो कुणाच्या गेममध्ये पडलाय पत्ता नाही. मी जमतील तितके चेक उरकले. चेकमागे एक पॉइंट मिळतो, आणि तुमच्या गेममध्ये एकूण जितक्या जागा त्याच्या दहा टक्के पॉइंट साठले की एक हिंट, म्हणजे हवी ती वस्तू कुठे आहे याचा पत्ता, विकत घेता येते. म्हणजे जितका मोठा गेम तितकी हिंट महाग. तिसऱ्या रात्री माझे पॉइंट भरले. पंजाची हिंट मागितली. उत्तर आलं: पंजा लिंबूच्या जगात, जागा ‘हार्वेस्ट पार्सनिप’.

पार्सनिप म्हणजे पांढरं गाजर म्हणा. स्टारड्यूमध्ये ते पहिल्यांदा शेतातून काढलं की माझा पंजा सुटणार. पार्सनिप हे त्या गेममधलं सगळ्यात सोपं पीक, पेरल्यापासून चार दिवसांत येतं.

‘ताई, पार्सनिप काढ ना गं!’

‘बी आहे माझ्याकडे,’ तिचं उत्तर, ‘पण हिवाळा आहे.’

तिने ऋतूही पिसायला दिले होते. सुरुवातीला कुठला तरी एक ऋतू मिळतो, बाकीचे तीन वस्तूंसारखे कुणाकुणाच्या गेममध्ये लपलेले. तिच्या वाट्याला हिवाळा आला होता. महिना संपला की पुन्हा हिवाळा, तो संपला की आणखी एक हिवाळा. हिवाळ्यात पार्सनिप उगवत नाही. ती खाणीत उतरत होती, गोठलेल्या गावात मासे पकडत होती, लोकांना भेटी देत फिरत होती.

‘कुणाकडे आहे तुझा वसंत?’

‘काय माहीत. हिंटीला अजून ढीगभर पॉइंट लागतात. बघू.’

मी मनात म्हटलं, झालं, हिच्यावर अवलंबून राहिले तर दिवाळी संपेल. आणि मी गेम बदलला.

गेम बदलणं म्हणजे प्रत्यक्षात काय, ते सांगते, कारण लोकांना वाटतं एक खिडकी बंद, दुसरी उघडी. ‘हॉलो नाइट’मध्ये बाकावर बसून जतन करायचं, मेनूत यायचं, बाहेर पडायचं. मग जुना गेम लॅपटॉपवर चालवणारा एम्युलेटर, त्याला सर्व्हरशी जोडणारा मधला क्लायंट, आणि त्यात खोलीचा पत्ता. दोन तास कुणीच काही केलं नाही तर खोली झोपते. तिचं वेबपान उघडलं की जागी होते. पोर्टचा आकडा तिथेच पाहून घ्यायचा, जुना डोक्यात ठेवून टाइप करत बसायचं नाही. मी दोनदा बसले. एकदा तर ‘हॉलो नाइट’ सुरू करताना सवयीने तर्री२ लिहिलं आणि सर्व्हरने चुकीचा गेम म्हणून दारातूनच परत पाठवलं. बरं झालं, नाहीतर काय वाट लागली असती. यातली चांगली गोष्ट ही, की तुम्ही नसताना तुमच्या नावाने आलेल्या वस्तू सर्व्हर जपून ठेवतो. दहा दिवसांनी आलात तरी सगळं टपाल दारात असतं.

दादा म्हणतो हे सगळं कटकटीचं वाटत असेल तर ‘सुपर मेट्रॉइड’ आणि ‘ए लिंक टू द पास्ट’ एकत्र शिवलेला एक रँडमायझर आहे, त्यात पहिल्या गेमची नायिका सामूस एका दारातून आत जाते आणि पलीकडे दुसऱ्याचा नायक लिंक होऊन बाहेर येते. मी म्हटलं, दारापलीकडे तुझी ती भिंतीची लाथ असेल तर मला दारच नको.

सॉफ्टवेअर बदलायला पाच मिनिटं लागत होती, पण हात बदलायला जास्त. माझ्या कंट्रोलरवर सगळ्यात खालच्या बटणाला ‘हॉलो नाइट’मध्ये उडी आहे. ‘ए लिंक टू द पास्ट’मध्ये त्याच जागी तलवार. आणि लिंकला उडी मारताच येत नाही. तीन दिवस त्या बटणावर माझा अंगठा उडी मारत आलेला. पहिल्या रात्री एका तळघरात, जिवाचं शेवटचं अर्धं बदाम शिल्लक, समोर तळ नसलेला खड्डा आणि पलीकडे पेटी. बाजूने फिरून जायला सरळ वाट होती. मी धावत गेले, कडेवर आल्यावर अंगठा आपोआप खाली गेला, लिंकने हवेत ऐटीत तलवार फिरवली आणि तो तसाच खाली गेला.

पाचव्या सेकंदाला दादाचा फोन.

‘रिडली अर्धा मारला होता मी.’

रिडली म्हणजे ‘सुपर मेट्रॉइड’मधला तो उडता ड्रॅगन, पार खालच्या नॉर्फेअरमध्ये. दादा तिथवर पोचायला दोन तास खपला होता. मी काही बोलायच्या आत पावाचा मेसेज: ‘कुणी मारलं मला?’ ‘मी, तुझ्या...’ असं लिहून गेले आणि थांबले. तेव्हापासून आमचं ‘तू’ सुरू झालं. एकमेकांच्या हातून मेल्यावर ‘तुम्ही’ म्हणणं जरा अवघडच जातं.

पण त्यानंतर लिंक अंगात भिनला. २१६ जागा, अर्ध्याअधिक सहज हाताशी: काकारिको गावातल्या विहिरी, तळघरं, झाडांमागच्या गुहा. एकेका गुहेत पाच-पाच पेट्या, आणि प्रत्येक पेटीतून कुणाला ना कुणाला काहीतरी जातंय. दादाला क्षेपणास्त्रं, पावाला रेल्वे, ताईला कुठलंसं झाडाचं बी. मी सकाळी चहाबरोबर दहा चेक करत होते, रात्री तीस. गटावर ‘तर्री२ जोरात आहे’ अशी वाहवा. मला वाटलं, दोन गेम घ्यायची माझी युक्ती सगळ्यांना दाखवण्यासारखी आहे. अडकून बसणं नाही, कुणाची वाट बघणं नाही.

सहाव्या दिवशी ताईने लिहिलं, ‘मी चहाला.’ सातव्या दिवशी पुन्हा. मी तिला अंगठा पाठवला.

आठव्या दिवशी तिचे पॉइंट भरले, म्हणजे खाणीचे शेवटचे मजले आणि बर्फातले मासे संपवून तिने ते भरले, आणि तिने ‘स्प्रिंग’ची हिंट घेतली. मी तेव्हा लिंक घेऊन बसले होते. क्लायंटच्या खिडकीत ओळ उमटली. स्प्रिंग: तर्री१च्या जगात. जागा: सिटी क्रेस्ट.

सिटी क्रेस्टची जागा मी ओळखत होते. फॉरगॉटन क्रॉसरोड्समध्ये फॉल्स नाइटला हरवलं की ती मिळते. तिथे जायला पंजा लागत नाही, काहीच लागत नाही. पहिल्या दिवशी पहिल्या तासात मी त्या दालनाच्या दाराशी उभी होते. आत डोकावले, तो थोराड चिलखतवाला धप्पकन उतरला, दोन तडाखे खाल्ले आणि मेनूतून बाहेर पळाले. कारण मेले तर सगळे मरणार. म्हटलं आधी जरा ताकद येऊ दे, मग बघू. ते ‘मग’ राहूनच गेलं.

म्हणजे माझा पंजा ताईच्या पार्सनिपमध्ये, तिचा पार्सनिप वसंतात, आणि वसंत माझ्या भीतीच्या मागे. मी तिला रोज ‘काढ ना गं’ म्हणत होते.

ताईने फोन केला नाही. तिने खोलीच्या ट्रॅकरचा फोटो पाठवला. त्यात प्रत्येक स्लॉटपुढे शेवटची हालचाल कधी झाली ते दिसतं. तर्री२ पुढे तीन मिनिटं. तर्री१ पुढे पाच दिवस. खाली एक ओळ: ‘ही कोण गं?’

दादाने नंतर एक गोष्ट सांगितली ती मला फार पटली. जनरेट करताना ‘प्रोग्रेशन बॅलन्सिंग’ नावाचा एक आकडा असतो, न बदलल्यास ५०. कुणी फार वेळ रिकामं बसू नये म्हणून महत्त्वाच्या वस्तू जरा अलीकडे ओढायचं काम तो करतो. ताईचा वसंत इतक्या सोप्या जागी आला होता तो बहुधा त्यामुळेच. पण तो हिशोब एकदाच, सुरुवातीला होतो, आणि ज्याला जे करता येण्यासारखं आहे ते त्याने केलंच असं धरून होतो. ‘हिला फॉल्स नाइटची भीती वाटते’ असा रकाना यॅमलमध्ये नसतो.

मी लिंकला एका घरात उभं केलं, सगळं बंद केलं, ‘हॉलो नाइट’ उघडलं. या वेळी नाव बरोबर लिहिलं.

जोडलं गेल्याबरोबर पडद्याच्या कोपऱ्यात वस्तू उमटायला लागल्या. एकामागे एक, पाच दिवसांचं टपाल. जिओची नाणी, एक चार्म, मग आणखी नाणी, मुखवट्याचा तुकडा, आणि मग मॉथविंग क्लोक. झपकन पुढे सरकायची ती झूल. मी लॉग वर ओढून पाहिला: दादाने ती मला तीन रात्रींपूर्वी पाठवली होती, पहाटे दोनला. मी झोपले होते, सकाळी लिंक उघडला आणि रात्रीच्या ओळी वर वाचायला गेलेच नाही. म्हणजे मी ज्याला अडकणं म्हणत होते, ते तीन दिवसांपूर्वीच संपलं होतं.

दालनाच्या दाराशी जाऊन गटावर लिहिलं, ‘फॉल्स नाइटला जातेय. मरण्याची शक्यता आहे.’

दादाने लगेच एका सुरक्षित खोलीत जाऊन जतन केलं. पाव म्हणाला, ‘माझा कारखाना माझ्यावाचूनही चालतो, तू जा.’ फॅक्टोरिओचं हे बरं आहे. आणि ताईने लिहिलं, ‘मर, हवं तेवढं मर. मी तशीही झोपूनच दिवस काढतेय.’

पहिल्यांदा मेले. अर्थातच अंगठ्यामुळे: आता तो उलटा बिघडला होता. पाच दिवस त्या बटणावर तलवार, त्यामुळे गदा खाली येताना मी उडी मारायच्या ऐवजी बाजूचं बटण शोधत राहिले. दुसऱ्यांदा मेले तेव्हा चूक कळली होती पण हात ऐकत नव्हता. तिसऱ्यांदा मी नुसती उभी राहिले, हल्ला न करता, फक्त त्याच्या उडीखालून निघायचं आणि जमिनीवरून येणारी लाट ओलांडायची, एवढंच. उडी, उडी, उडी. दोन मिनिटं नुसतं तेवढंच केलं तेव्हा अंगठा ताळ्यावर आला. मग झुलीने त्याच्यामागे सरकून पाठीवर खिळा, या गेममधली तलवार तीच. तो कोसळला, चिलखतातून ते पांढरं अळीसारखं डोकं बाहेर आलं, त्यावर जितके जमतील तितके घाव. पुन्हा उठला. पुन्हा कोसळला. शेवटी जमीनच फुटली. माझ्याकडे जिवाचा एकच मुखवटा शिल्लक होता.

ती जागा उचलली तेव्हा ओळ आली: तर्री१ने लिंबूला स्प्रिंग पाठवला.

बंगळुरूहून काही क्षण काहीच नाही. मग, ‘आज माझी तारीख १९ आहे.’ तिथे महिना २८ दिवसांचा, आणि मिळालेल्या ऋतूंपैकी पुढचा कुठला ते महिना संपल्यावरच निवडता येतं. ताईने नऊ दिवस सलग झोपून काढले: उठायचं, कुत्र्याला पाणी, पुन्हा अंथरूण. मी तोवर क्रॉसरोड्समध्ये झूल वापरून आधी न पोचलेल्या फटी ओलांडत बसले. रात्री पावणेबाराला तिने स्क्रीनचा फोटो टाकला. हिरवं गवत, आणि मध्ये नांगरलेले पंधरा काळे चौकोन.

चार दिवस पाणी घालायचं होतं तिला, गेममधले. मी ‘हॉलो नाइट’ बंद केलं नाही. एका उंच भिंतीखाली जाऊन बसले, जिच्यासाठी पहिल्या दिवशी मी वर बघून परत फिरले होते. साडेबाराला कोपऱ्यात आलं: मँटिस क्लॉ, लिंबूकडून. मी भिंतीवर उडी मारली, चिकटले, घसरले, पुन्हा उडी. वर पोचले आणि तिथे होतं काय तर पावासाठी एक लेझरचं काहीतरी.

त्यानंतरचे चार दिवस मी ‘हॉलो नाइट’मधून हलले नाही. पंजा आल्यावर तो गेम असा उघडतो की थांबवत नाही: ग्रीनपाथ, फंगल वेस्ट्स, अश्रूंचं ते पावसाळी शहर. ताईला उन्हाळाही तिथेच सापडला, माझ्याच हातून, आणि तिने मला फोनवर आईसारखी शाबासकी दिली.

पाचव्या दिवशी सकाळी डब्लिनहून ट्रॅकरचा फोटो आला. तर्री१ पुढे एक मिनिट. तर्री२ पुढे चार दिवस. पावाने हिंट घेतली होती: तेल शुद्ध करायचं त्याचं तंत्रज्ञान काकारिकोच्या विहिरीत, त्या उरलेल्या एका पेटीत. खाली फक्त एवढंच, ‘ही कोण गं?’

ताईने शिकवलं असणार त्याला.